तुम्ही विचारलंत म्हणून: पॅसिफिकमधला तो आवाज कोणाचा?

पुण्यातल्या शाळांमध्ये ध्वनीवर बोलायला गेले की शेवटी एक हात हमखास वर होतो. "बाई, समुद्रात निळ्या देवमाशाहूनही मोठा प्राणी आहे ना? त्याचा आवाज मी ऐकलाय." हल्ली पालकही थांबून हेच विचारतात. म्हणून एकदा नीट सांगते.

असा प्राणी नाही. आवाज मात्र खरा आहे. त्याचं नाव 'ब्लूप'. १९९७ साली अमेरिकेच्या 'नोआ' या समुद्र आणि हवामान अभ्यासणाऱ्या सरकारी संस्थेच्या हायड्रोफोनांनी, म्हणजे पाण्याखालच्या मायक्रोफोनांनी, तो टिपला. ही यंत्रं मुळात समुद्रतळाचे ज्वालामुखी आणि भूकंप ऐकायला सोडलेली होती. उगमापासून ५,००० किलोमीटरहून दूर असलेल्या एकाहून अधिक यंत्रांवर त्याची नोंद झाली. साधारण मिनिटभर चाललेला आणि चढत जाणारा हा आवाज होता. प्राण्यांच्या हाकाही अशा चढतात, म्हणून संशय आला. पण इतक्या लांब पोचेल असा आवाज काढणारा एकही प्राणी माहीत नव्हता. मग लोकांनी तो प्राणी कल्पनेत घडवला.

इथे एक गोष्ट मी मुलांना आवर्जून सांगते. मोबाइलवर तुम्ही ऐकता तो आवाज १६ पट वेगाने वाजवलेला असतो. मिनिटाचे जेमतेम चार सेकंद उरतात आणि खोल, संथ गुरगुर एकदम जिवंत घशातून आल्यासारखी वाटते. त्या राक्षसाला घसा मिळाला तो या वेगामुळे.

पुढे २००५ पासून संशोधकांनी अंटार्क्टिकाच्या जवळ हायड्रोफोन नेले, तेव्हा तसेच आवाज पुन्हा पुन्हा मिळू लागले. २००८ मध्ये साउथ जॉर्जिया बेटाजवळ एक प्रचंड हिमनग फुटत होता, त्याच्या ध्वनीचा आलेख ब्लूपशी जुळला. बर्फ तडकत होता. हे सांगितलं की वर्गातले काही चेहरे पडतात. मला तर हे उत्तर राक्षसापेक्षा कितीतरी भव्य वाटतं. डोंगराएवढा बर्फ दुभंगतो, आसपास माणूस नाही, आणि अर्धा महासागर ओलांडून ती बातमी विषुववृत्तापर्यंत येते!

ती येते कशी, हा खरा विचारण्यासारखा प्रश्न. पाण्यात ध्वनीचा वेग सेकंदाला सुमारे १,५०० मीटर, हवेतल्यापेक्षा चौपटीहून जास्त. पण हा वेग सगळीकडे सारखा नसतो. पृष्ठभागापासून खाली जाताना पाणी थंड होत जातं, तसा तो घटतो. आणखी खोल गेलं की दाब वाढल्यामुळे तो पुन्हा वाढतो. मधे, बऱ्याच समुद्रांत साधारण एक किलोमीटर खोलीवर, सर्वांत मंद थर असतो. ध्वनी नेहमी मंद थराकडे वळतो. वर निसटू लागला की खाली वळतो, खाली जाऊ लागला की वर येतो. पृष्ठभागाला किंवा तळाला आपटून विरण्याची वेळच येत नाही. १९६० मध्ये ऑस्ट्रेलियातल्या पर्थजवळ पाण्याखाली स्फोट घडवले, ते सुमारे २०,००० किलोमीटरवर बर्म्युडाजवळ ऐकू आले. वाटेत गेले पावणेचार तासांच्या आसपास.

समुद्र मुका असतो, ही समजूत आपण पुणेकर कोकणात जाऊनही सोडत नाही. ताटातली घोळ किंवा ढोमा घ्या. जिवंतपणी हे मासे पोटातल्या हवेच्या पिशवीवर स्नायू थरथरवून ढोलासारखा आवाज काढतात.

आणि ऐकल्याने माणसं बदलतात. १९७० मध्ये कुबड्या देवमाशांच्या गाण्यांची रेकॉर्ड निघाली, घराघरांत वाजली आणि देवमासे वाचवण्याच्या चळवळीला बळ मिळालं. १९८२ मध्ये व्यापारी शिकारीला स्थगिती देण्याचा आंतरराष्ट्रीय निर्णय झाला. एकट्या रेकॉर्डने हे झालं असं मी म्हणणार नाही, पण तिचा वाटा मोठा. १९७७ साली व्हॉयेजर या अंतराळयानांबरोबर जी सोनेरी तबकडी गेली, तिच्यावर याच देवमाशांचा आवाज आहे आणि आपल्या केसरबाई केरकरांची भैरवीही आहे. हे सांगताना माझा आवाज दरवेळी भरून येतो.

"पण बाई, पुण्यात बसून याचं काय?" हाही प्रश्न ठरलेला. शिवाजीनगरला 'सिमला ऑफिस' आहे ना? १९२८ मध्ये हवामान खात्याचं मुख्यालय सिमल्याहून पुण्यात आलं, म्हणून ते नाव. मान्सूनचा हिशेब करायचा तर समुद्रावर पाऊस किती पडतो हेही कळायला हवं, आणि भर समुद्रात पर्जन्यमापक ठेवणं अवघड. तिथे हायड्रोफोन कामी येतो. बारीक थेंब पाण्यात शिरताना इवलासा बुडबुडा अडकतो, तो बुडबुडा वाजतो, आणि रिमझिमीचा सूर मुसळधारेपेक्षा वेगळा लागतो. त्या सुरावरून पाऊस मोजता येतो. पुढच्या वेळी राक्षसाऐवजी मला या बुडबुड्याबद्दल विचारा, त्यावर मी तासभर बोलेन.