आजी, उदक दे

सुवर्णमहोत्सवी स्मरणिकेसाठी काहीतरी लिहून दे, असा निरोप आला आणि शाळा आठवण्याऐवजी मराठीच्या बाईंचं लाल पेनच आधी आठवलं. बाईंचं नाव लिहीत नाही. पत्र्याच्या वर्गात नववी 'ब'ला बसलेल्यांना ते सांगायला नको.

सहामाहीला ठरलेला प्रश्न होता. अधोरेखित शब्दाऐवजी समानार्थी शब्द वापरून वाक्य पुन्हा लिहा. वाक्य होतं, 'आजोबांच्या डोळ्यांत पाणी आले.' रेघ फक्त 'पाणी'खाली. माझी गाइडमधली यादी तोंडपाठ, त्यामुळे एका शब्दावर भागेना. मी लिहिलं, 'पितामहांच्या लोचनांत सलिल प्राप्त झाले.' बाईंनी चूकही दिली नाही नि बरोबरही. समासात फक्त लिहिलं, 'कुणाच्या आजोबांच्या?'

दुसऱ्या दिवशी फळ्यावर सहा शब्द : जल, नीर, उदक, तोय, सलिल, जीवन. 'आज रात्री जेवताना प्रत्येकाने यातल्या एका शब्दाने पाणी मागायचं. काय झालं ते उद्या सांगा.' माझ्या बाकाला उदक आलं.

'आजी, उदक दे,' मी म्हणालो. आजीच्या हातातला तांब्या तिथेच थांबला. 'मेल्या, मी जिवंत आहे अजून!' आमच्याकडे हा शब्द वर्षातून एकदा, आजोबांच्या श्राद्धाला, तोही भटजींच्या तोंडून यायचा. वडील हसले. आजी दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत बोलली नाही.

बाकीच्यांचंही तेच. नीर मागणाऱ्याच्या कपाळाला आईने हात लावून पाहिला. 'जीवन दे' म्हणणाऱ्याला घरच्यांनी विचारलं, कुठला जीवन, तालमीतला का?

बाईंनी सगळं ऐकून घेतलं आणि मग सांगितलं. अमरकोशात पाण्याच्या नावांत जीवनच काय, अमृत, भुवन आणि वनसुद्धा आहे. हे ढीग कवींच्या कामाचे. वृत्तात 'पाणी'च्या चार मात्रा मावत नसतील तर 'जल'च्या दोन घ्या, 'सलिल'च्या तीन घ्या. आणि ज्याला तुम्ही साधा शब्द समजता तो 'पाणी'ही संस्कृत 'पानीय'वरूनच आला, म्हणजे पिण्याजोगं. तरी समुद्राचं खारट तेही पाणीच, तोंडाला सुटतं ते पाणी, तलवारीचंही पाणी, आणि एखाद्याला पाण्यात पाहतात तेही तेच. 'आता तोंडाला तोय सोडून दाखवा बघू!' वर्ग हसून लोळला. (मागच्या बाकावरच्या एकाने पाणिग्रहण म्हणजे पाणी पिणे असंही त्याच तासाला सांगितलं. तो आज दोन नातवंडांचा आजोबा आहे.)

पुढे मी स्थापत्य अभियंता झालो. एकतीस वर्षं पाणीपुरवठ्याच्या कामात गेली, उपअभियंता म्हणून निवृत्त झालो. सांगण्यासारखं बरंच आहे, पण मला अभिमान वाटतो तो एका नोटिशीचा. टेबलावर मसुदा आला होता : 'जलवाहिनीच्या तातडीच्या दुरुस्तीस्तव जलप्रदाय खंडित राहील.' मी खोडून लिहिलं, 'गुरुवारी पाणी येणार नाही. शुक्रवारी सकाळी कमी दाबाने येईल.' भाषा कार्यालयीन नाही, म्हणून कागद परत आला. मी तोच पुन्हा पाठवला. तिसऱ्या खेपेला सही झाली. 'जलवाहिनी' मात्र मला कधीच काढता आली नाही. 'पाण्याची नळी' लिहिलं तर लोकांना वाटायचं घरातली नळी फुटली. आणि 'जलकुंभा'ला, म्हणजे पाण्याच्या टाकीला, 'पाणीकुंभ' असं तर मीही म्हणणार नाही. तिथे बाईंचंच वाक्य आठवायचं : 'दोन शब्दांचा अर्थ एक असेल, पण बसायची जागा एक नसते.'

गेल्या वर्षी शाळेत जाऊन आलो. चिंच गेली, पत्र्याचे वर्ग गेले, तिथे आता फरशीचा हॉल आहे. नातीच्या वहीत पाहिलं, समानार्थी शब्दांच्या जोड्या लावायच्या, रेघ मारली की एक गुण. वाक्यच नाही! जेवताना उदक मागायची वेळ तिच्यावर यायची नाही, आणि मला त्याचं वाईट वाटतं.

तुमची निमंत्रणपत्रिका मिळाली. छान छापली आहे. खाली लिहिलंय, 'कार्यक्रमानंतर अल्पोपहार.' बाई असत्या तर आधी काना वाढवून 'अल्पोपाहार' केलं असतं, कारण उपहार म्हणजे भेटवस्तू. मग तोही खोडून समासात विचारलं असतं, 'चहा आहे की नाही?'