मांडा कथा गया?

१४ सेकंदांचा शॉट. सेकंदाला २५ फ्रेम, म्हणजे ३५०. त्यातल्या १२५ ठेवल्या, बाकीच्या उडवल्या आणि त्या रात्री स्वतःवर खूश होऊन झोपलो.

अहिराणी लघुपट होता, एडिट माझं. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, माहेरी आलेली लेक चुलीपुढे मांडे करतेय. मागून आई विचारते, "कव्हय जाशी?" कधी जाशील? लेक बोलत नाही. या हातावरून त्या हातावर घेत मांडा कोपरापर्यंत वाढवत राहते. अगदी शेवटी तो उलट्या खापरावर पडतो. पुढचा शॉट थेट पारोळ्याच्या एसटी स्टँडवर.

कापायला दोन कारणं होती. जळगावच्या एका दैनिकात मी दर शुक्रवारी सिनेमाचं परीक्षण लिहितो, आणि आमच्याकडच्या पोरांना शॉट कुठे सोडायचा ते कळत नाही, हे माझं तिथलं ठरलेलं रडगाणं. आता स्वतःच्या टाइमलाइनवर तेच कसं चालू द्यायचं?

दुसरं कारण धंद्यातलं. ती बाई नटी नव्हे, गावातलीच. नवव्या सेकंदाला तिने मान वर करून कॅमेऱ्याकडे पाहिलं. "झालं का?" असं. जेमतेम १२ फ्रेम. हातांचा नाहीतर खापराचा एखादा क्लोजअप असता, तर तो वर टाकून नजर झाकली असती. पण घेतलाच नव्हता. "एडिटला बघून घेऊ" म्हणणाऱ्या प्रत्येक दिग्दर्शकाला मे महिन्यात दुपारी माझ्या खोलीत बसवलं पाहिजे. नजरेच्या आधीचा तुकडा स्लो करून ताणून पाहिला, तर चुलीचा धूर पाण्यात सोडल्यासारखा हलायला लागला. बाकी काहीही खपवता येतं, धूर नाही. शेवटी पाचव्या सेकंदाला कट मारला आणि एसटीचा हॉर्न ८ फ्रेम अलीकडे ओढून चुलीच्या आवाजावर चढवला. काय बसला होता!

दिग्दर्शकाच्या गावात, मंदिराच्या सभामंडपात पांढरी चादर बांधून दाखवलं. बाया पुढे बसल्या होत्या. कट आला, हॉर्न वाजला, आणि दिग्दर्शकाची आई मोठ्याने म्हणाली, "मांडा कथा गया?" मांडा कुठे गेला?

सगळ्या हसल्या. मग त्यांच्यात सुरूच झालं: पातळ होता, फाटला असेल, नाही गं, हात चांगला आहे तिचा. एसटी स्टँडवरचा अख्खा प्रसंग त्या गलक्यात गेला. तिथले संवाद मी तीन दिवस साफ केले होते.

रशियन दिग्दर्शक कुलेशोव्हचा प्रयोग मी शिबिरांत पोरांना दरवेळी सांगतो. नटाचा तोच निर्विकार चेहरा. त्याला कधी सूपाची वाटी जोडली, कधी शवपेटी, आणि बघणाऱ्यांना त्यावर कधी भूक दिसली, कधी दुःख. चेहऱ्याचा अर्थ पुढच्या शॉटमध्ये असतो, वगैरे. इथे चेहऱ्याकडे कुणी बघतच नव्हतं. त्या हात बघत होत्या. आणि मी कट मारला तेव्हा मांडा हवेत होता.

दिग्दर्शक एवढंच म्हणाला, "भाऊ, मी तेव्हाच बोललो होतो." बोलला होता खरा. पण का, ते त्यालाही सांगता आलं नव्हतं. "राहू दे ना" हे काही कारण नव्हे.

दुसऱ्या दिवशी सगळ्या ३५० फ्रेम परत लावल्या, नजरेसकट. आता मांडा खापरावर पडतो, त्याचा बारीक आवाजही येतो. पण नववा सेकंद आला की माझी मान अजून खाली जाते. दिग्दर्शकाच्या आईला फोनवर विचारलं, ती बाई मध्येच कॅमेऱ्यात बघते, ते खटकलं का? त्या म्हणाल्या, "आईकडे बघते ना ती." आई तर तिच्या मागे उभी आहे.

परीक्षण मीच लिहावं असा दिग्दर्शकाचा आग्रह होता. नाही म्हटलं. या शुक्रवारी दुसऱ्याच एका सिनेमावर लिहिलंय. त्यातला एक शॉट फार लांबलाय, असं त्यात आहे. खरंच लांबलाय तो.