रिकाम्या भिंतींत घर वसवताना

मी चित्रपट-मालिकांची सेट सजावट करते, असे सोलापुरात सांगितले की ‘म्हणजे मंडप का?’ असा प्रश्न हमखास येतो. कलादिग्दर्शक भिंती आणि दारे उभारून देतो. त्या घरात कोण राहते, त्याची ऐपत किती, घरातली बाई सकाळी कोणते भांडे प्रथम हाती घेते, हे ठरवून एकेक वस्तू आणून मांडणे हे आमचे काम. ऑस्करचा प्रॉडक्शन डिझाइनचा पुरस्कार सेट डेकोरेटरलाही विभागून मिळतो. आपल्याकडे श्रेयनामावलीत हे नाव अनेकदा सापडत नाही, याचे मला मनापासून वाईट वाटते.

सोलापूरच्या पूर्व भागात यंत्रमागांच्या खटखटाटात वाढल्यामुळे कापडाची ओळख मला अक्षरांआधी झाली. तरीही गिरणी कामगाराचे घर सजवताना मी कोऱ्या सोलापुरी चादरी अंथरल्या आणि दिव्यांच्या प्रकाशात त्या इतक्या ताठ दिसल्या, की त्या घरात कधी कोणी झोपलेच नसावे. अखेर त्या नव्या चादरी शेजारणींना देऊन त्यांच्या जुन्या, धुऊन धुऊन मऊ पडलेल्या मागून आणल्या. तेव्हापासून नवे कापड चहाच्या पाण्यात बुडवून काढल्याशिवाय मी सेटवर नेत नाही. शिवाय प्रत्येक दृश्यानंतर मांडणीची छायाचित्रे घेते, कारण तांब्या वीतभर सरकला तरी संकलनात तो जागेवरून उडी मारतो.

या क्षेत्रात येऊ पाहणाऱ्या मुलींना मी आधी मंगळवार बाजारात नेते आणि जुन्या भांड्यांवरचे पोचे पाहायला लावते.