कवडसा नेमका कुठे पडतोय? सिग्नल मिरर निवडताना माझा अनुभव

डोंगरात फिरताना माझ्या सॅकमध्ये शिटी आणि टॉर्च असतेच. पण भर उन्हात लांबवरच्या माणसाला टॉर्च दिसत नाही, म्हणून सिग्नल मिरर घ्यायचं ठरवलं. आरशासारखा आरसा, त्यात काय निवडायचं, असं वाटून सगळ्यात हलका प्लास्टिकचा आणला.

लहानपणी पाडायचो तसा त्याचा कवडसा 50 मीटरवरच्या सावलीतल्या भिंतीवर पाडून पाहिला. सूर्याचं बिंब साधारण अर्धा अंश रुंद दिसतं, त्यामुळे अगदी सपाट आरशाचा कवडसाही दर 100 मीटरला जवळपास 90 सेंटिमीटर पसरतो. म्हणजे माझा कवडसा अर्ध्या मीटरच्या आसपास, गोल पडायला हवा होता. पडला दोन मीटर लांब आणि फिकट. पातळ प्लास्टिक किंचित वाकलेलं होतं. चेहरा बघताना हे कळतही नाही, पण प्रकाश पसरला की विरळ होतो. तो आरसा परत केला.

मग दोन काचेचे मागवले. एक साधा, दुसऱ्याच्या मधल्या भोकात चमकणारी जाळी. मैत्रीण एक किलोमीटरवर फोन घेऊन उभी राहिली. तेवढ्या अंतरावर कवडसा जेमतेम नऊ मीटरचा, आणि आरसा एक अंश कलला की तो दोन अंश, म्हणजे 35 मीटर सरकतो! साध्या आरशाने दोन बोटांच्या बेचक्यातून नेम धरला, तर ती म्हणाली, "अगं, मधूनच एकदा चमकलं, मग काहीच नाही." जाळीच्या भोकातून पाहिलं की मात्र एक तेजस्वी ठिपका दिसतो, आणि तो जिथे ठेवू तिथेच कवडसा जातो. ठिपका तिच्यावर आणताक्षणी फोनवर ओरडली, "दिसलं, दिसलं!" हाताच्या थरथरीने उलट लुकलुक होते, ती लगेच नजरेत भरते.

जाळीवालाच ठेवला. आकार दोन बाय तीन इंच. तीन बाय पाचचा जास्त उजेड फेकतो, पण तो सॅकच्या तळाशी गेला असता. हा दोरीने गळ्यात राहतो. ओरखडे पडू नयेत म्हणून कापडी पिशवी शिवली.

सूर्य पाठीशी आणि माणूस समोर असला की आरसा फार तिरका धरावा लागतो, ठिपका पटकन सापडत नाही. त्याचा सराव अजून चालू आहे, रस्त्यावरच्या गाड्यांकडे आणि विमानांकडे चुकूनही न रोखता.