कॅमसेलची वही: इंग्लंडचं पान पुरं झालं

इंग्लंडचा जुना फुटबॉलपटू जॉर्ज कॅमसेल याचे गोल सामन्यागणिक उतरवायची माझी वही मागच्या वेळी १९२६-२७ च्या हंगामावर अडली होती. नोंदलेला आकडा ५९, माझ्या रकान्याखाली बेरीज येत होती ६३. तीन रात्री पहिल्यापासून मोजलं. शेवटी सापडलं: एफए कपातले (इंग्लंडच्या बाद फेरीच्या स्पर्धेतले) चार गोल मी लीगच्याच (साखळी स्पर्धेच्या) रकान्यात चढवले होते. आता लीगला निळी शाई, कपाला हिरवी. अशी वही घालणाऱ्यांनी पहिल्या पानापासूनच शाई वेगळी ठेवा.

नव्यांसाठी थोडक्यात. जॉर्ज कॅमसेल, जन्म १९०२, डरहॅमच्या कोळसापट्ट्यातल्या फ्रॅमवेलगेट मूरचा. आधी खाणीत, मग डरहॅम सिटी क्लबात, १९२५ मध्ये मिडल्सब्रो क्लबात. १९२६-२७ ला संघ दुसऱ्या श्रेणीत होता आणि सुरुवातीला त्याला जागाही नव्हती. मिळाली तेव्हा ३७ सामन्यांत ५९ गोल, त्यात एका सामन्यात तीन किंवा जास्त गोलांच्या नऊ हॅट्‌ट्रिक. २५ डिसेंबरची ओळ लिहिताना मी थांबलोच. मँचेस्टर सिटीच्या मैदानावर मिडल्सब्रो ५-३ ने जिंकलं, आणि आपल्या बाजूच्या 'गोल कुणाचे' रकान्यात नाव एकच, पुढे ५.

१९२५ मध्ये ऑफसाइडचा नियम सैल झाला, पास घेणाऱ्या आक्रमकाच्या पुढे तीनऐवजी दोन प्रतिस्पर्धी असले तरी चालू लागलं, म्हणून गोलांचा पाऊस पडला, असं आपल्यातलेच काही म्हणतात. नियम तर सगळ्यांनाच सारखा होता. दुसऱ्या श्रेणीत ५९ पर्यंत आजवर दुसरं कुणी पोचलेलं नाही. पण पुढच्याच वर्षी एव्हर्टनच्या डिक्सी डीनने पहिल्या श्रेणीत ६० मारले आणि कॅमसेलचं नाव मागे सरलं, ते सरलंच. याची मला मनापासून हळहळ वाटते.

या आठवड्यात इंग्लंडचं, म्हणजे त्याने देशाच्या संघाकडून खेळलेल्या सामन्यांचं पान संपवलं. सामन्याला एक, अशा ओळी फक्त नऊ. मे १९२९ मध्ये पॅरिसला फ्रान्सविरुद्ध २, दोनच दिवसांनी ब्रसेल्सला बेल्जियमविरुद्ध ४. त्याच वर्षी आयर्लंडशी २, वेल्सशी ३. चार सामन्यांत ११ गोल! आणि त्यापुढची ओळ थेट डिसेंबर १९३३ ची. मधल्या चार वर्षांसाठी मी वहीत मुद्दाम चार रेघा कोऱ्या सोडल्यात. पान उघडलं की नजर आधी तिथे जाते. हॅट्‌ट्रिक करून बाहेर बसलेला माणूस परतला तो फ्रान्सविरुद्ध पुन्हा २ गोल घेऊन. मग १९३५ मध्ये जर्मनीशी २, १९३६ मध्ये स्कॉटलंड, ऑस्ट्रिया आणि बेल्जियमशी एकेक. शेवटचे दोन सामने इंग्लंड हरलं, त्यातही याचा गोल आहेच. नऊ सामने, १८ गोल, एकही ओळ रिकामी नाही. डीनच्या ६० चं कौतुक जरूर करा, पण त्याच्याशेजारी हे पान ठेवा एवढंच माझं म्हणणं.

क्लबचा एकूण हिशोबही पुन्हा ताडून झाला: मिडल्सब्रोसाठी ४५३ सामने, ३४५ गोल. लीगचे ३२५, बाकी हिरव्या शाईतले.

आता १९२७-२८ घेतोय. लीगमध्ये कॅमसेलचे ३३ गोल, तरी पहिल्या श्रेणीत चढलेला संघ तळाला जाऊन पुन्हा खाली घसरला. तळाच्या मिडल्सब्रोचे गुण ३७, चौथ्या क्रमांकाच्या डर्बीचे फक्त ४४, इतकी चुरस! कोणत्या सामन्यांत त्याचे गोल वाया गेले, ते एकेक करून लाल पेन्सिलीने खुणावतोय. ऑगस्ट आणि सप्टेंबर झालेत.