माधवीकुट्टींची ‘नेय्पायसम’

आज दुपारी मल्याळम लेखिका माधवीकुट्टींची ‘नेय्पायसम’ (म्हणजे तुपातली खीर) ही कथा परत वाचली आणि मग कामात लक्षच लागेना. बायकोला अग्नी देऊन नवरा घरी येतो. स्वयंपाकघरात तिने रांधून झाकून ठेवलेलं सगळं तसंच. मुलं भुकेली. पायसम खाताना म्हणतात, आईने काय मस्त केलंय! त्यांना अजून काही उमगलेलंच नाही. बाप उठून आत जातो. इवलीशी कथा, पण जीव पिळवटून काढते हो!

इंग्रजीत कविता लिहिणाऱ्या कमला दास त्या याच. जन्म १९३४ चा, केरळातल्या पुन्नयूरकुळमचा. संसाराची कितीतरी वर्षं मुंबईत गेली, २००९ मध्ये वारल्या त्या आपल्या पुण्यात. घर झोपल्यावर स्वयंपाकघरातल्या टेबलावर लिहायला बसायच्या.

कुणाकडे त्यांच्या कथांचा मराठी अनुवाद असेल तर कळवा. आईला वाचायला द्यायचाय.