ऑक्सिमीटर आणि आजीचं बोट

मी आशा सेविका आहे, अमळनेर तालुक्यातल्या एका गावात. सप्टेंबर 2020 ची गोष्ट, कोविडसाठी घरोघरी तपासणीच्या 'माझे कुटुंब माझी जबाबदारी' मोहिमेचा पहिला राऊंड चालू होता. दिवसाला 50 घरं, प्रत्येकाचा ताप आणि ऑक्सिजन बघायचा, ताप 100.4 च्या वर किंवा ऑक्सिजन 95 च्या खाली असला की फिव्हर क्लिनिकला पाठवायचं. पण खरं कोणी सांगतच नव्हतं हो. मे-जूनमध्ये आपल्या जळगाव जिल्ह्यात किती माणसं गेली ते सगळ्यांनी बघितलेलं, तिकडे नेलेला माणूस परत येत नाही हेच डोक्यात बसलेलं, त्यामुळे दारातूनच "सगळं बरं शे ताई, लिखी ले" आणि दार बंद.

त्या दिवशी दुपारी एका आजीकडे गेले. आबा जूनमध्ये कोविडने गेले, बॉडी घरी आणलीच नाही, मुलगा सुरतला अडकलेला, आणि दशक्रियेला पण भाऊबंद आले नाहीत. आजी ओट्यावर भांडी घासत होती. म्हणाली, "मी बरी शे माय, पुढे जाय तू."

बोटाला ऑक्सिमीटर लावला तर नुसत्या रेघा, आकडाच येईना. बोटं पाण्याने गार पडलेली, नखं जाड. अशा वेळी बोट कोरडं करून चोळून गरम करावं लागतं. माझे ग्लोव्हज दोन दिवसांपूर्वीच संपलेले, मी हाताला सॅनिटायझर लावलं, ओढणीने तिची बोटं पुसली आणि दोन्ही हातात तिचा हात धरून चोळत बसले. ती त्या हाताकडेच बघत होती. मग हळूच विचारते, "तुले भ्याव नही वाटत का माय?"

रोज मी सगळ्यांना सांगायचे घाबरू नका घाबरू नका, त्या दिवशी तोंडातून ते निघालंच नाही. म्हटलं, आजी खूप वाटते, चार महिने झाले मी पडवीत झोपते, माझी पोरगी आतून दार वाजवते आणि मी तिला जवळ घेत नाही. आणि रडायलाच आलं मला, मास्कच्या आत.

आजी पण रडली. म्हणाली, "शेवटलं पाणीबी घालता नही उनं माले. सांगू कोनले?" मग आबांचं सगळं बोलत राहिली, यंदा श्रावणात कानबाईच्या रोटाला, म्हणजे आमच्या खानदेशातल्या देवीच्या सणाला, घरात दोनच माणसं असती पण तेही नाही, ती एकटीच. आकडा 96 आला होता कधीचा, मी हात सोडला नाही. त्या दिवशी माझी 43च घरं झाली, त्याबद्दल बोलणी पण खाल्ली.

दुसऱ्या दिवसापासून मी प्रत्येक दारात आधी माझं सांगायला लागले, मला पण भीती वाटते दादा, मला पण लेकरू आहे. तिसऱ्याच घरी एक दादा बायकोकडे बघत बोलला, ताई तीन दिवस झाले मला भाजीला चवच लागत नाही. त्याला लगेच टेस्टला पाठवलं, वेळेत ट्रीटमेंट मिळाली आणि बरा होऊन घरी आला.

ऑक्टोबरमध्ये दुसऱ्या राऊंडला आजीकडे गेले तर तिने पदराला हात पुसून बोट आधीच पुढे केलं. 97. मी लिहायला लागले तर म्हणते, "आज बरी नही शे माय. बस जराशी."

मी बसले.